साथीला कोण होतं?

‘कीर्तन पूर्वरंग’. एवढं साधं नाव, पण एमपीथ्री फायलीच्या सगळ्यांत जुन्या टॅगमध्ये, म्हणजे फायलीतच लिहिलेल्या तिच्या माहितीच्या पट्टीत, ते मावत नाही. १९९६ साली एरिक केम्प यांनी फायलीच्या अगदी शेवटी १२८ बाइटांची एक पट्टी जोडायची पद्धत काढली. पहिले ३ बाइट ओळखीच्या खुणेचे, मग गाण्याच्या नावाला ३०, कलाकाराला ३०, अल्बमला ३०, सालाला ४, शेऱ्याला ३० आणि संगीतप्रकाराला १. रोमन लिपीत ३० बाइट म्हणजे ३० अक्षरं. देवनागरीतली प्रत्येक खूण मात्र यूटीएफ-८ या अक्षरं साठवण्याच्या आजच्या सर्रास पद्धतीत ३ बाइट घेते. काना, मात्रा, वेलांटी, पाय मोडल्याची खूण, सगळं वेगवेगळं मोजायचं. ‘कीर्तन’चे झाले १८, मधल्या मोकळ्या जागेचा १, मग ‘पूर’ या तीन खुणांचे ९. एकूण २८. राहिले २. तेवढ्यात पुढची खूण बसत नाही, म्हणून ती मधोमध कापली जाते आणि पडद्यावर येतं ‘कीर्तन पूर’, पुढे काळ्या चौकटीतलं प्रश्नचिन्ह.

संगीतप्रकाराच्या त्या एका बाइटाचं तर विचारूच नका. मुळात ८० प्रकारांची यादी ठरलेली आणि तिच्यात शून्य क्रमांकाला ब्लूज. कुणी तो बाइट रिकामा समजून शून्य ठेवला की अभंग असो, पोवाडा असो, फाइल सांगते ब्लूज. भावगीत, नाट्यगीत, लावणी यांना त्या यादीत जागाच नाही.

हे मी रोज बघते. घर नौपाड्यात, नोकरी ऐरोलीत. ठाण्याहून ट्रान्स-हार्बरची गाडी पकडायची आणि ऐरोलीला उतरायचं. ठाणे-बेलापूर रस्त्यावर एके काळी रसायनांचे कारखाने होते, त्याच एमआयडीसीच्या पट्ट्यात आता ऐरोली, रबाळे, महाप्यापर्यंत डेटा सेंटरच्या बिनखिडक्यांच्या इमारती उभ्या आहेत. आमचं काम ध्वनिफायलींच्या टॅगचं. निरनिराळ्या लोकांनी निरनिराळ्या काळात भरलेली लाखो फायलींची नावं, कलाकार, वर्षं, भाषा तपासायची, सुधारायची आणि परत जागेवर ठेवायची. हे हाताने होण्यासारखं नाही. टॅग बदलणारी साधनं कंटेनरमध्ये, म्हणजे कुठल्याही मशीनवर तशाच चालणाऱ्या बंद डब्यात, बांधायची, शेकड्याने कंटेनर चालवायचे आणि सकाळी निकाल बघायचा.

या कामाकडे बघायची माझी नजर मात्र ऑफिसात घडली नाही. ती घडली आमच्याच इमारतीतल्या काकांमुळे. काका आयुष्यभर तबल्याची साथ करत आले. पं. राम मराठे ज्या गावात राहत, त्या ठाण्यात तेव्हा घरगुती बैठकींना तोटा नव्हता. गच्चीवर कोजागिरीची बैठक, कुणाच्या हॉलमध्ये गुरुपौर्णिमेची, देवळात कीर्तन. काकांच्या मंडळाने त्यातलं बरंचसं कॅसेटवर धरून ठेवलं होतं. त्या कॅसेट डिजिटल करून घेतल्यावर फायली माझ्याकडे आल्या आणि त्यांच्याबरोबर आल्या काकांच्या लांबट वह्या: तारीख, जागा, राग, चीज.

पहिली खेप तयार झाल्यावर मी काकांना लॅपटॉपवर दाखवली.

“काका, बघा. गायकाचं नाव आलंय, राग आलाय, तारीख आलीय.”

“ते आलं गं. साथीला कोण होतं?”

मी वही उलटली. प्रत्येक नोंदीच्या खाली, बारीक अक्षरात, होतं: तबला अमुक, पेटी तमुक. काही ठिकाणी तानपुऱ्यावरच्या मुलीचंही नाव.

“गाणारा गेला तरी त्याचं नाव लोक काढतात,” काका म्हणाले. “पेटीवाल्याचं कोण काढणार? तुझ्या त्या फायलीत जागा नसेल तर तसं सांग.”

जागा आहे. या कामातलं मला सगळ्यांत महत्त्वाचं वाटणारं ते हेच. १९९८मध्ये टॅगची दुसरी पिढी आली. तिने पट्टी फायलीच्या शेवटाकडून सुरुवातीला आणली आणि ३० बाइटांची कोंडी फोडली. तिच्या २००० सालच्या २.४ या आवृत्तीत टीएमसीएल नावाची एक चौकट आहे. तिच्यात वाद्य आणि वादक अशा जोड्या लिहायच्या: तबला, त्याच्यापुढे नाव, हार्मोनियम, त्याच्यापुढे नाव. हव्या तितक्या. फ्लॅक या, आवाज न गमावता साठवणाऱ्या प्रकारच्या फायलीत ‘परफॉर्मर’ हे क्षेत्र पुन्हापुन्हा लिहिता येतं. म्हणजे सोय पंचवीस वर्षांपासून आहे. बहुतेक प्लेअर ती दाखवत नाहीत, म्हणून भरणारे ती भरत नाहीत. आणि भरलेली असली तरी वाटेत एखादं साधन ती चौकट टाकून देतं. २.४ची फाइल जुन्या गाडीतल्या स्टिरिओसाठी २.३मध्ये उतरवायची झाली, तर टीएमसीएल तिथे नसतेच. त्या जोड्या आयपीएलएस नावाच्या जुन्या चौकटीत हलवाव्या लागतात. साधनाने ते केलं तर ठीक. नाही केलं तर गायक शाबूत राहतो आणि साथीदार पुसला जातो, शिवाय चूक झाल्याचा संदेशही येत नाही.

कंटेनर लागतो तो इथे. एका फायलीचा टॅग कुणीही बदलेल. म्यूटाजेन आहे, टॅगलिब आहे, किड-थ्रीला तर खिडकी न उघडता आज्ञेवर चालणारं रूपही आहे. पण माझ्या मशीनवर म्यूटाजेनची एक आवृत्ती, शेजारच्या टेबलावर दुसरी, सर्व्हरवर तिसरी, असं असेल तर एकाच फायलीचे तीन निकाल निघू शकतात. २०१३ साली डॉकर हे कंटेनर चालवणारं साधन आलं तेव्हापासून यावर साधा उपाय आहे: साधन, त्याची लायब्ररी, त्याची भाषेची मांडणी (कुठली लिपी कशी वाचायची याची सेटिंग) हे सगळं एका इमेजमध्ये, म्हणजे कंटेनरच्या साच्यात, गोठवा आणि तीच इमेज सगळीकडे चालवा. मी त्यातही कडक आहे. ‘लेटेस्ट’ नावाने इमेज उचलायची नाही, कारण ते नाव आज एका इमेजवर असतं, उद्या दुसऱ्या. इमेजची ओळख तिच्या आशयावरून निघालेल्या शा-२५६ ठशावरून पटवायची आणि तो ठसा प्रत्येक फायलीच्या नोंदीत लिहून ठेवायचा. दोन वर्षांनी कुणी विचारलं, ही पेटीवाल्याची चौकट कुठे गेली, तर नेमकं कुठलं साधन त्या फायलीवरून फिरलं ते सांगता आलं पाहिजे.

गोठवण्याचा दुसरा अर्थही तितकाच खरा आहे. इमेजमध्ये चूक असेल तर ती एका फायलीत राहत नाही, एका रात्रीत सगळ्या फायलींत सारखी पसरते. कंटेनर सातत्य देतो. बरोबर काय आणि चूक काय, हे त्याला कळत नाही.

मराठीच्या बाबतीत तर पहिलाच दगड पायात येतो. कंटेनरच्या बऱ्याच मूळ इमेजमध्ये भाषेची मांडणी दिलेलीच नसते. जुना प्रोग्राम मग समजतो की जगात फक्त रोमन अक्षरं आहेत, आणि ‘बैठक.एमपीथ्री’सारखी फाइल नुसत्या प्रश्नचिन्हांनी दाखवतो. पायथन या प्रोग्रामिंग भाषेने ३.७ आवृत्तीपासून हे बरंच सावरलं आहे, सगळ्यांनी नाही. इमेज बांधताना यूटीएफ-८ची एक ओळ लिहिली की प्रश्न मिटतो. ती ओळ मी सगळ्यांत आधी तपासते.

आधीच बिघडून आलेल्या नावांचं दुखणं वेगळं. यूटीएफ-८मधलं मराठी जुन्या पाश्चात्त्य कोष्टकाने वाचलं की प्रत्येक खुणेचे तीन तुकडे होतात. पहिला तुकडा नेहमी डोक्यावर तिरपी रेघ असलेला रोमन ए. दुसरा चलनाचं चिन्ह: स्वर, व्यंजनं, काना आणि ऱ्हस्व वेलांटी यांच्यासाठी एक गोलसर खूण, दीर्घ वेलांटी, उकार, मात्रा, पाय मोडल्याची खूण यांच्यासाठी चक्क जपानी येन. डोळे सरावले की येनच्या गर्दीवरूनच कळतं, इथे जोडाक्षरं आहेत, मजकूर देवनागरीत असणार. हा बिघाड उलटा फिरवता येतो, कारण सगळे बाइट जागेवर असतात. पण मधल्याच एखाद्या साधनाने “मला हे अक्षर येत नाही” म्हणून खरीच प्रश्नचिन्हं लिहून फाइल साठवली असेल, तर तिथे नाव संपलं. मग वही शोधायची. श्रीलिपीसारख्या जुन्या फॉन्टांत टाइप केलेल्या याद्या हा तिसरा प्रकार, त्याला फॉन्टागणिक वेगळं कोष्टक लागतं. ते काम कंटाळवाणं आहे, पण होतं.

खरी झुंज दिसायला अगदी बरोबर असलेल्या नावांशी असते. ‘दुसऱ्या दिवसाची बैठक’ हे शीर्षक घ्या. ‘ऱ्या’मधला तो चंद्रकोरीसारखा र दोन प्रकारे टाइप करता येतो. एकात मुळातच नुक्ता असलेला ‘ऱ’ वापरायचा, त्याचा पाय मोडायचा, पुढे य. दुसऱ्यात साधा ‘र’, पाय मोडायचा, मग एक अदृश्य जोडखूण, मग य. पडद्यावर दोन्ही तंतोतंत सारखे. मशीनला मात्र ते दोन वेगळे शब्द. युनिकोडचा प्रमाणीकरणाचा नियम लावला तरी ते एक होत नाहीत, कारण युनिकोडच्या लेखी ते समान नाहीतच. ‘ॲ’चंही तसंच. २००८मध्ये युनिकोड ५.१ने त्याला स्वतंत्र जागा दिली, त्याआधीचे लोक ‘अ’वर चंद्र ठेवून ते लिहीत, आणि अजूनही कित्येक कळफलकांवर तसंच लिहिलं जातं. याचा परिणाम म्हणजे एकाच माणसाच्या नावाने दोन रेशनकार्डं निघावीत तसा एकच वादक संग्रहात दोन जागी नोंदला जातो, आणि त्याच्या अर्ध्या बैठकी शोधात येत नाहीत.

इथे साफसफाईचा उत्साह फार महागात पडतो. ‘अदृश्य अक्षरं काढून टाका’ असा नियम इंग्रजी फायलींसाठी लिहिलेल्या बहुतेक स्क्रिप्टमध्ये असतो. तो मराठीवर चालवला की दुसऱ्या प्रकारातली ती जोडखूण उडते, आणि चंद्रकोर जाऊन य-वर रफार चढतो: ‘दुसर्या’. लाखो फायलींवर एका रात्रीत. म्हणून आमच्या इमेजमध्ये क्रम ठरलेला आहे. आधी जोडखुणेवाला र नुक्तेवाल्या ‘ऱ’मध्ये बदलायचा, ‘ॲ’ एका रूपात आणायचा, त्यानंतरच बाकीची झाडलोट. मराठीसाठी हा क्रम कुणी आयता देणार नाही, तो आपणच ठरवायचा आणि चाचण्यांमध्ये लिहून ठेवायचा.

प्रमाण वाढलं की काय बदलतं? लोकांना वाटतं प्रोसेसर जास्त लागतो. टॅग बदलायला प्रोसेसर जवळजवळ लागतच नाही, लागते ती ने-आण. १२८ केबीपीएसची तासाभराची एमपीथ्री ५७.६ एमबीची असते. टॅग फायलीच्या सुरुवातीला, आणि त्याच्यामागे थोडी रिकामी जागा सोडलेली असली तर नवा टॅग त्याच जागेत लिहून होतं. जागा संपली की एक नाव वाढवण्यासाठी अख्खी फाइल पुढे सरकवून नव्याने लिहावी लागते. आणि फायली ऑब्जेक्ट स्टोअरेजमध्ये असतील तर ही सवलतही नाही. तिथे फायलीचा मधलाच तुकडा बदलता येत नाही, पूर्ण वस्तू खाली आणायची, बदलायची, पूर्ण परत चढवायची. काकांच्या मंडळाची एक ९० मिनिटांची कॅसेट ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटने उतरवली की दीड जीबीच्या वर जाते. पेटीवाल्याचं नाव काही बाइटांचं, ते लिहायला दीड जीबी हलवायचे. मला यात काही चुकीचं वाटत नाही. पण हे आधी कळलं पाहिजे, म्हणजे एका फायलीच्या सगळ्या दुरुस्त्या एकाच फेरीत होतील अशी आखणी करता येते.

शेकडो कंटेनर सांभाळणाऱ्या कुबरनेटीसमध्ये यासाठी क्रमांकित जॉब हा प्रकार आहे, १.२४ आवृत्तीत, २०२२ साली तो पक्का झाला. प्रत्येक पॉडला, म्हणजे चालू कंटेनरच्या एकेका घटकाला, आपला क्रमांक कळतो आणि यादीतला तेवढाच तुकडा तो उचलतो. पॉड मधेच मरतो तेही गृहीत धरायचं. मोठी फाइल पूर्ण मेमरीत ओढली की मेमरी संपल्याची खूण म्हणून १३७ हा आकडा मागे ठेवून तो जातो, आणि त्याच्या जागी दुसरा येतो. म्हणजे एकाच फायलीवर तेच काम दोनदा होऊ शकतं. म्हणून आज्ञा ‘जोड’ अशी लिहायची नाही, ‘हे असं असू दे’ अशी लिहायची. नाहीतर तबल्याचं नाव दोनदा लागतं. लिहायचं तेही बाजूच्या तात्पुरत्या फायलीत, पूर्ण झाल्यावर तिला मूळ नाव द्यायचं. अर्धवट लिहिलेली फाइल कुणाच्या हाती लागता कामा नये.

कंटेनर सहसा रूट, म्हणजे सगळे अधिकार असलेला वापरकर्ता, म्हणूनच चालतो. त्याने लिहिलेल्या फायली मग रूटच्या मालकीच्या होतात आणि घरच्या मशीनवर काकांच्या नातीला साधं शीर्षक बदलता येत नाही. चालवताना वापरकर्त्याचा क्रमांक दिला की झालं.

आणि एक शिस्त. म्युझिकब्रेन्झसारखा ध्वनिमुद्रणांचा खुला ज्ञानकोश सगळ्यांचा आहे. तो सेकंदाला एकच विनंती चालवून घेतो, आणि ती मर्यादा पॉडला नाही, आयपी पत्त्याला आहे. शंभर पॉड एकाच पत्त्यामागे बसून दार ठोठावू लागले तरी दिवसाला फार तर ८६,४०० उत्तरं. घाई असेल त्याने त्यांचा डेटा उतरवून घ्यावा, स्वतःची प्रत उभी करावी. त्यासाठीची डॉकरची मांडणी ते स्वतःच देतात. इतक्या लोकांनी फुकट भरलेल्या कोशावर आपल्या घाईचा भार टाकणं मला पटत नाही.

तसंही नौपाड्यातल्या गच्चीवरची कोजागिरी त्या कोशात सापडत नाही. क्रोमाप्रिंट हे साधन पहिल्या १२० सेकंदांच्या आवाजावरून फायलीचा ठसा काढतं आणि अकूस्टआयडी ही सेवा तो आपल्याकडे नोंदवलेल्या ठशांशी जुळवून बघते. बाजारात आलेल्या ध्वनिमुद्रणांसाठी ते फार उपयोगी आहे. घरगुती बैठकीचा ठसा मात्र कुणी कधी नोंदवलेलाच नसतो. तिथे माहिती दोनच ठिकाणी असते, वहीत आणि माणसाच्या डोक्यात. म्हणून आमच्या पद्धतीत नावं मशीन ठरवत नाही. दुरुस्त्या एका साध्या तक्त्यात माणसं लिहितात, कुणी लिहिली आणि कशावरून लिहिली यासकट. “वहीवरून.” “आवाजावरून, खात्री आहे.” “पेटीचा हात ओळखला, खात्री नाही.” खात्री नाही, हेही फायलीत जातं. तक्ता गिट या बदलांचा इतिहास ठेवणाऱ्या साधनात असतो, त्यामुळे कालचं आणि आजचं दोन्ही दिसतं. कंटेनर फक्त तो तक्ता फायलींना लावतो.

राग लिहायला टॅगमध्ये स्वतंत्र चौकट नाही. काहीजण टीकेईवाय या चौकटीत तो कोंबतात. ती गाणं ज्या सुराच्या पट्टीत (स्केलमध्ये) सुरू होतं त्या पट्टीची चौकट आहे आणि तिला तीनच अक्षरं चालतात. आम्ही राग आणि ताल आपापल्या नावाच्या मोकळ्या चौकटींत लिहितो.

काकांना सुरुवातीला एकच भीती होती. “नावं लिहिता लिहिता गाणं बिघडणार नाही ना?” मला हा प्रश्न अतिशय योग्य वाटला, आणि त्याचं उत्तर दाखवता येतं म्हणून बरंही वाटलं. फ्लॅक फायलीच्या पोटात मूळ आवाजाचा एमडी-५ ठसा असतो. टॅग कितीही वेळा बदला, आवाज उलगडून ठसा पुन्हा काढला की तो तोच यायला हवा. एमपीथ्रीत ती सोय नाही, तिथे आम्ही एफएफएमपेग या साधनाने फक्त आवाजाच्या प्रवाहाचा ठसा काढतो, बदलाच्या आधी एकदा आणि नंतर एकदा. जुळला नाही तर फाइल जागेवर जात नाही. शिवाय पहिल्यांदा हात लावण्याआधी प्रत्येक फायलीचा जुना टॅग, चुकांसकट, बाजूला मजकूर म्हणून उतरवून ठेवलेला असतो. काकांनी दोन्ही ठसे एकाखाली एक ठेवून बोट फिरवत वाचले. अक्षरन्‌अक्षर जुळल्यावर पुढची वही काढली.

मंडळाच्या कामातून जी चाचणी तयार झाली ती आता ऑफिसातही चालते: फाइल आत जाताना टीएमसीएलमध्ये किती जोड्या होत्या, बाहेर पडताना किती आहेत. एक जरी कमी झाली तरी अख्खा जॉब थांबतो. कुणी म्हणतं, एवढं कशाला, ही चौकट तर कुणी बघतही नाही. बघणारे येतील तेव्हा नावं तिथे असायला हवीत. आज पुसली तर उद्या ती कुठून आणणार?

ठाण्यात, डोंबिवलीत, वाशीत अजून कितीतरी घरांच्या माळ्यावर कॅसेटचे खोके आहेत. ते डिजिटल करायला द्याल तेव्हा आधी घरातल्या जाणत्या माणसाजवळ बसा आणि प्रत्येक कॅसेटच्या नावाने एक कागद भरा, पेन्सिलीने चालेल. तारीख, जागा, कोण गायलं, तबल्याला कोण, पेटीला कोण. तानपुऱ्यावर कोण बसलं होतं, तेही.